मोठ्या घराचे दप्तर

कोलाड स्थानकात मालाने भरलेले ट्रक रेल्वेच्या सपाट वाघिणींवर चढवतात आणि चारशे किलोमीटरवर गोव्यात वेर्ण्याला उतरवतात. १९९९ पासून हे चालले आहे. त्यामुळे वेर्णा हे नाव आपल्या नाक्यावरच्या चहाच्या टपरीवर सगळ्यांच्या तोंडी असते. त्या नावामागची गोष्ट मात्र कुणी काढत नाही. म्हाळसा नारायणीचे मूळ देऊळ वेर्ण्याचे. १५६६-६७ मध्ये पोर्तुगिजांनी गोव्याच्या साष्टी महालातली देवळे पाडली, त्यात तेही गेले. देवी झुआरीपार, आदिलशाही मुलखातल्या प्रियोळला नेली, आणि जुन्या जागेचे म्हार्दोळ हे नावही तिच्याबरोबर तिकडे गेले.

स्मरणिकेत शाळांचे, पतसंस्थांचे, भजनी मंडळांचे इतिहास येतात, आणि ते यायलाच हवेत. मी मात्र एका वेगळ्या संस्थेचा इतिहास लिहायला घेतला आहे. मधली चार-पाच वर्षे सोडली तर ती १५६० पासून १८१२ पर्यंत अखंड चालली. तिचे कार्यक्षेत्र आफ्रिकेच्या दक्षिण टोकापासून मकावपर्यंत होते. आपल्या दारावरून वाहणारी कुंडलिका जिथे समुद्राला मिळते, तिथेही तिचा माणूस बसलेला असे. ही संस्था म्हणजे गोव्याचे इन्क्विझिशन. कागदोपत्री तिचे नाव ‘पवित्र कचेरी’. गोव्यातली माणसे तिला ‘ओरलें घर’ म्हणत, म्हणजे मोठे घर. ज्याचे खरे नाव घ्यायला जीभ कचरते, त्याला माणूस असेच काही तरी म्हणतो.

संस्थेचा इतिहास लिहिताना आपण काही ठराविक प्रश्न विचारतो. कुणी स्थापली, जागा कुठली, कारभारी कोण, पैसा कुठून आला, दप्तर कुठे आहे? मी तेच प्रश्न विचारतो आहे. शेवटच्या प्रश्नासाठीच खरे तर हा लेख आहे.

मूळ कल्पना युरोपातली. तेराव्या शतकात दक्षिण फ्रान्समध्ये कॅथर पंथ पसरला तेव्हा पोप नववे ग्रेगरी यांनी पाखंडाचा शोध घेण्यासाठी खास अधिकारी नेमले. तोवर फिर्यादी असेल तर खटला, अशी रीत होती. आता न्यायाधीशच शोधक झाला आणि फिर्यादी पडद्याआड गेला. पुढे १४७८ मध्ये स्पेनच्या राजा-राणीने पोपकडून परवानगी घेऊन हे न्यायपीठ आपल्या हाताखाली आणले. शेजारच्या पोर्तुगालने १४९७ मध्ये आपल्या ज्यूंना सक्तीने बाप्तिस्मा दिला, त्यांना ‘नवे ख्रिस्ती’ असे नाव दिले आणि मग १५३६ मध्ये त्यांच्याच मनात खरोखर काय आहे हे तपासायला स्वतःचे इन्क्विझिशन उभे केले. आधी जबरदस्तीने आत ओढायचे आणि मग मनापासून आला नाहीस म्हणून जाळायचे, हा क्रम एकदा नीट ध्यानात घेतला की गोव्यात पुढे जे झाले त्याचे कोडे उरत नाही.

हे नवे ख्रिस्ती लिस्बनच्या धाकापासून दूर म्हणून जहाजांवर चढले आणि गोवा, कोची, चौल अशा बंदरांत व्यापाराला आले. धाक त्यांच्या मागोमाग आला. १५४३ मध्ये, न्यायपीठ स्थापन होण्याच्याही आधी, जेरोनिमु दियश नावाच्या एका वैद्याला गोव्यात याच कारणासाठी मारून जाळण्यात आले. १५४६ मध्ये फ्रान्सिस झेवियर यांनी आंबोइना बेटावरून पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहून गोव्यात इन्क्विझिशनची मागणी केली. ते स्थापन झालेले पाहायला झेवियर नव्हते. १५५२ मध्येच ते वारले. त्यांच्या शवाच्या दर्शनाला आजही लाखो लोक श्रद्धेने जातात, त्यात हिंदूही असतात. त्या श्रद्धेला धक्का लावण्याची माझी इच्छा नाही. पण संस्थेच्या इतिहासात मागणी करणाऱ्याचे नाव गाळता येत नाही.

१५६० मध्ये आलेश दियश फाल्कांव आणि फ्रान्सिस्कु मार्किश हे पहिले दोन न्यायाधीश गोव्यात काम पाहू लागले. जागा मिळाली ती आदिलशहाच्या जुन्या वाड्याची, जिथे काही वर्षांपूर्वीपर्यंत व्हाइसरॉय राहत असत. जुन्या गोव्यात त्या वाड्याची आज मोकळी जागा तेवढी आहे. बाकी सगळे गवत आहे. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा सोबतच्या मंडळींना कॅथेड्रल पाहायचे होते आणि मला ती मोकळी जागा. दोन्हींत अंतर थोड्याच पावलांचे होते.

कारभार फार व्यवस्थित होता, आणि तेच मला सर्वांत जास्त अस्वस्थ करते. न्यायाधीशांच्या हाताखाली सरकारी बाजू मांडणारा प्रमोतोर, शब्दन् शब्द टिपणारे लेखनिक, तुरुंगाचा अल्काइद, आणि समाजातल्या प्रतिष्ठितांमधून निवडलेले ‘फामिलियार’. हे फामिलियार लोकांना पकडून आणत आणि त्या कामात मान समजत. दमण, वसई, चौल अशा ठिकाणी ‘कोमिसारियु’ म्हणजे स्थानिक प्रतिनिधी असे. आर्चबिशप आणि व्हाइसरॉय सोडले तर कुणालाही हात लावायला या कचेरीला विचारावे लागत नसे, आणि त्या दोघांचेही लिस्बनला कळवून बघता येत असे. पकडलेल्या माणसाच्या मालमत्तेची यादी आधी होई. तो दोषी ठरला की ती जप्त होई. दोषी ठरणे किती सोयीचे होते, हे वेगळे सांगायला नको.

आता आपल्या नदीकडे येतो. कोलाडला रोज सकाळी भिऱ्याच्या वीजघरातून सोडलेल्या पाण्यावर रबरी होड्या उतरतात, तेच पाणी पुढे रोह्यावरून जाते आणि रेवदंड्याच्या खाडीत शिरते. खाडीच्या उत्तरेला रेवदंडा, म्हणजे पोर्तुगिजांचे चौल; १५२१ मध्ये त्यांनी तिथे कोट बांधायला घेतला. दक्षिणेला कोर्लईचा डोंगर. तो त्यांनी १५९४ मध्ये निजामशाहीकडून घेतला. तटाच्या आत पोर्तुगालचा कायदा आणि पवित्र कचेरीचा प्रतिनिधी. तटाच्या बाहेर, नदीने आत यावे तशी रोहे, अष्टमी, कोलाड ही गावे. ती आधी निजामशाहीत, मग आदिलशाहीत, मग मराठ्यांकडे.

याच पट्ट्यात बेने इस्रायली राहत. रोहेकर, अष्टमकर, पेणकर, चेउलकर ही त्यांची आडनावे आपल्याच गावांची. तेल गाळण्याचा धंदा, शनिवारी घाणा बंद, म्हणून लोक त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत. मुलाची सुंता आठव्या दिवशी, बोली मराठी, पोशाख शेजाऱ्यासारखा. शनिवारी घाणा का फिरत नाही, याचा जाब विचारायला कुणी आले नाही. आपल्या गावांना मी देवमाणसांची गावे म्हणत नाही. जातीने माणसाला किती ओरबाडले हे चवदार तळ्याच्या या जिल्ह्यात कुणाला सांगायला नको. पण नदीच्या मुखाशी, तटाच्या आत, एखादा नवा ख्रिस्ती व्यापारी शुक्रवारी संध्याकाळी दिवा लावतो का, शनिवारी कपडे बदलतो का, डुकराचे मांस टाळतो का, हे त्याच्याच मोलकरणीने कळवावे अशी अपेक्षा होती, आणि कळवले नाही तर तीही गुन्हेगार. एकाच नदीच्या दोन टोकांना, एकाच शनिवारी, हे चाललेले असे.

त्या काळच्या सगळ्यांत मोठ्या विद्वानाची गत पाहा. गार्सिया द ओर्ता हा नवा ख्रिस्ती वैद्य. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या दरबारात त्याची ऊठबस होती. मुंबई बेट त्याच्याकडे पट्ट्याने होते. १५६३ मध्ये त्याने गोव्यात छापलेला हिंदुस्थानातल्या औषधी वनस्पतींवरचा ग्रंथ युरोपात भाषांतरांतून पसरला. आपल्या कोकणातल्या वैद्यांना कोकम, हळद, हिरडा यांची जी माहिती होती, तिच्यासारख्या कितीतरी गोष्टी जगाने पहिल्यांदा नीट वाचल्या त्या अशा पुस्तकांतून. १५६८ मध्ये तो वारला. पुढच्याच वर्षी त्याची बहीण कातारिना हिला गोव्यात जाळले. आणि १५८० मध्ये ओर्ताची हाडे उकरून काढून जाळली. माणूस मेला तरी खटला मरत नसे.

सुरुवातीची वर्षे रोख नव्या ख्रिस्त्यांवर होता. नंतर तो वळला बाटलेल्या हिंदूंकडे. इथे एक गल्लत नेहमी होते, ती मला दूर करायची आहे. देवळे पाडली ती व्हाइसरॉयच्या फौजेने आणि मिशनऱ्यांच्या आग्रहाने. १६८४ मध्ये तीन वर्षांत कोकणी सोडून पोर्तुगीज बोला, असा हुकूम काढला तोही व्हाइसरॉयने. इन्क्विझिशनचा अधिकार मुख्यतः ख्रिस्ती झालेल्यांवर होता; हिंदू त्याच्या जाळ्यात येई तो कुणाच्या धर्मांतरात आडवा आला किंवा बाटलेल्याला परत देवाकडे नेले म्हणून. म्हणजे या कचेरीने सर्वांत जास्त छळले ते गोव्याच्या ख्रिस्त्यांना. आज त्याचा हिशेब वसईच्या किंवा कोर्लईच्या ख्रिस्ती शेजाऱ्याकडे मागणारे काही आवाज ऐकू येतात. ज्यांच्या खापरपणज्या त्या घरात बसवल्या गेल्या, त्यांच्याकडेच तो मागायचा का?

त्या घराच्या आतली सर्वांत तपशीलवार हकीकत मिळते ती शार्ल डेलॉन या फ्रेंच वैद्याकडून. वय पंचविशीच्या आतबाहेर. १६७३ मध्ये दमणला पकडला गेला. त्याच्या म्हणण्याप्रमाणे खरे कारण तिथल्या गव्हर्नरचा मत्सर. वरवरचे कारण, बाप्तिस्म्याविषयी आणि मूर्तिपूजेविषयी गप्पांत बोललेली वाक्ये. ती ऐकणाऱ्यांनी जाऊन सांगितली. १६७४ च्या जानेवारीत त्याला वसईमार्गे जहाजाने गोव्याला नेले. ते जहाज आपल्या किनाऱ्यासमोरूनच गेले असणार.

डेलॉन प्रामाणिक लेखक आहे. कोठडी स्वच्छ होती, जेवण बरे होते, असे तो लिहितो. सुमारे दोनशे कोठड्या, काहींना खिडकीच नाही. मारणारी होती ती शांतता. बोलायचे नाही, रडायचे नाही, देवाचे नाव मोठ्याने घ्यायचे नाही; आवाज आला की पहारेकरी चाबूक घेऊन येई. शेजारच्या कोठडीत कोण आहे हे वर्षानुवर्षे कळत नसे. चौकशीला नेले की समोर लांब टेबल, भिंतीवर छताला टेकणारा क्रूस, आणि प्रश्न एकच: तुला इथे का आणले आहे, ठाऊक आहे का? आरोप काय, हे सांगत नसत. साक्षीदार कोण, हे सांगत नसत. आठवून कबूल करायचे. जे कबूल कराल ते कमी पडले तर लपवलेत म्हणून दोषी. डेलॉनने आत आत्महत्येचा प्रयत्न केला.

दोन वर्षांनी, १२ जानेवारी १६७६ ला, त्याला भल्या पहाटे उठवून इतर कैद्यांबरोबर रांगेत उभे केले. या दिवसाला ‘ऑटो-दा-फे’ म्हणत, ‘श्रद्धेचे कृत्य’. पश्चात्ताप केलेल्यांच्या अंगावर पिवळा झगा, त्यावर पुढे-मागे तिरपा तांबडा क्रूस. जाळायच्या माणसाच्या करड्या झग्यावर त्याचाच चेहरा रंगवलेला, भोवती ज्वाळा आणि सैतान. डोक्यावर निमुळती कागदी टोपी. अनवाणी मिरवणूक सेंट फ्रान्सिसच्या चर्चपर्यंत. दुतर्फा शहर लोटलेले. त्या दिवशी एक पुरुष आणि एक स्त्री, दोघेही स्थानिक ख्रिस्ती, जाळण्यासाठी मांडवीच्या काठी नेले. त्यांच्याबरोबर मेलेल्यांची हाडे पेटाऱ्यांत होती. दोघांवर आरोप जादूटोण्याचा. त्यांची नावे डेलॉनला ठाऊक नव्हती. त्याला पाच वर्षे जहाजाच्या वल्ह्यांवर बसण्याची शिक्षा झाली. सुटका झाली ती लिस्बनला पोचल्यावर, १६७७ मध्ये. सुटताना प्रत्येकाला शपथ घ्यावी लागे की आत पाहिले ते बाहेर बोलणार नाही. डेलॉनने दहा वर्षे जपून ठेवले आणि १६८७ मध्ये पुस्तक छापले. पोपच्या निषिद्ध ग्रंथांच्या यादीत ते लवकरच गेले, आणि तरी युरोपभर वाचले गेले.

आता १४ एप्रिल १७३६ चा जाहीरनामा. कचेरीने बाटलेल्या गोवेकरांना काय काय मना केले ते पाहा: लग्नात नवरा-नवरीला हळद लावणे. तांदळाचे पीठ, दूध, नारळाचे तेल अंगाला लावणे. विडा-सुपारी आणि फुले वाटणे. लग्नघरी वाजंत्री लावणे. फुगे तळणे. मिठाशिवाय भात शिजवणे. अंगणात तुळस लावणे. एकादशी धरणे. पुरुषांनी धोतर नेसणे, बायकांनी चोळी घालणे. पहूर, वरसगाव, खांब, आंबेवाडी, आपल्या भागातल्या कुठल्याही लग्नघरात जा. मांडवाच्या पहिल्या दिवसापासून यातला जवळपास प्रत्येक गुन्हा घडतो. मी ही यादी पहिल्यांदा वाचली ती आमच्या घरी लग्न असताना, हळद दळली जात असताना, आणि जात्यावरच्या बायकांना वाचून दाखवली. त्या थांबल्या. एका म्हातारीने विचारले, “मिठाशिवायच्या भाताचं त्यांना काय?” मला उत्तर देता आले नाही. त्याचे उत्तर असे असावे: देवाला दाखवायचा भात अळणी असतो. ज्या घरात भात अळणी शिजतो, त्या घरात कुणीतरी अजून जुन्या देवाला नैवेद्य दाखवते. कचेरीला हे चांगले ठाऊक होते. आणि स्थापनेनंतर १७६ वर्षांनीही ही यादी काढावी लागली, याचा अर्थ तुळशी अजून लावल्या जात होत्या.

उत्तरेकडे तोवर हवा बदलत होती. अंजूरचे गंगाजी नाईक, मालाडचे अंताजी रघुनाथ कावळे यांच्यासारखे मुंबईकडचे वतनदार धर्माच्या जाचाला कंटाळून पेशव्यांकडे गेले. १७३९ च्या मे महिन्यात चिमाजी अप्पांनी वसई घेतली. पुढच्या वर्षी तहाने चौल आणि कोर्लई मराठ्यांकडे आले. पोर्तुगीज निघून गेले. कोर्लईच्या पायथ्याचे ख्रिस्ती राहिले, त्यांचे चर्च राहिले आणि त्यांची पोर्तुगीज-मराठी मिसळलेली बोलीही राहिली. ती आजही त्या एका वस्तीत घराघरात बोलली जाते. ती तीन वर्षांत सोडा असा हुकूम मराठ्यांनी काढला नाही, आंग्र्यांनीही नाही.

गोव्यातले मोठे घर मात्र चालू होते. पोर्तुगालचा प्रधान मार्केस द पोंबाल याने १७७४ मध्ये ते बंद केले. तो सत्तेवरून गेल्यावर राणी मारिया पहिली हिच्या काळात १७७८ मध्ये ते पुन्हा उघडले, धार जरा बोथट होऊन. १८०८ मध्ये क्लॉडियस ब्युकॅनन हा स्कॉटिश पाद्री तिथे गेला. डेलॉनचे पुस्तक त्याने सोबत नेले होते. ज्या न्यायाधीशाकडे तो उतरला होता, त्याने ते चाळून बरेचसे खरे असल्याचे मान्य केले. कोठड्या दाखवायला मात्र नकार दिला. आत जाताना ब्युकॅननला भिंतीलगतच्या बाकावर एक गरीब बाई बसलेली दिसली. बोलावणे येण्याची वाट पाहत होती. त्याला पाहून तिने हात जोडले. तिच्याविषयी एवढेच लिहिलेले आहे.

१६ जून १८१२ ला, ब्रिटिशांचा दबाव होताच, ब्राझीलमध्ये राहत असलेल्या पोर्तुगीज युवराजाने संस्था कायमची मोडली. त्यानंतर वाडाही पाडला गेला.

उरला प्रश्न दप्तराचा. अडीचशे वर्षे प्रत्येक उलटतपासणी, प्रत्येक किंकाळीआधीचा आणि नंतरचा शब्द, लेखनिकांनी सुवाच्य अक्षरात लिहून ठेवला होता. छळाच्या वेळी लेखनिक हजर असेच. संस्था मोडल्यावर ते सगळे गोव्यात जाळून टाकले. काही पत्रव्यवहार लिस्बन आणि रिओला गेला होता, तो वाचला. उरलेल्या याद्यांवरून अभ्यासक सांगतात की सोळा हजारांवर माणसांवर खटले झाले; प्रत्यक्ष जाळलेली ५७ आणि आधीच मेलेली किंवा पळालेली म्हणून पुतळ्याच्या रूपात जाळलेली ६४. जाळलेल्यांचा आकडा लहान आहे म्हणून कुणी सुस्कारा सोडू नये. सोळा हजार माणसे त्या शांततेत बसली, त्यांची घरे जप्त झाली, गावात परतल्यावर झग्याचा डाग नातवंडांपर्यंत गेला.

१९६१ मध्ये अनंत काकबा प्रियोळकरांनी या संस्थेवर इंग्रजीत पुस्तक लिहिले. हिंदुस्थानातल्या इन्क्विझिशनच्या चतुःशताब्दीनिमित्त केलेला अभ्यास, असे त्यांनी त्याच्या मुखपृष्ठावरच म्हटले. म्हणजे तीही एक स्मरणिकाच, आणि ती लिहिणाऱ्याचे आडनाव त्याच प्रियोळचे, जिथे वेर्ण्याची म्हाळसा आसऱ्याला गेली. मूळ खटले जळून गेलेले असताना त्यांनी डेलॉनचे पुस्तक, ब्युकॅननची टिपणे, पोर्तुगीज सरकारी हुकूम असे जे हाती लागले त्यातून हा इतिहास उभा केला.

एक सूची मात्र शिल्लक आहे. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला जुआंव देल्गादु फिगैरा या कचेरीतल्याच अधिकाऱ्याने १५६१ पासून १६२३ पर्यंतच्या सुमारे ३८०० खटल्यांची यादी आपल्या वापरासाठी केली होती. ती आता लिस्बनच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. नाव, गाव, आरोप, शिक्षा. ब्युकॅननने पाहिलेली बाई त्यात नाही. ती दोनशे वर्षे उशिरा आली.